दिव्य, कायदा आणि पदार्थविज्ञान



कायदा ही पदार्थविज्ञानाचीच एक शाखा आहे, असा सिद्धांत उद्या कोणी मांडला तर? गुन्हा म्हणजे समतोलाचा भंग, शिक्षा म्हणजे समान व विरुद्ध प्रतिक्रिया, निवाडा म्हणजे समीकरणाचे उत्तर. न्यायासनावर एखादे अचूक उपकरण ठेवले की काम भागले! वकीलमंडळी हसतील, शास्त्रज्ञ कानांवर हात ठेवतील. तरीही ही कल्पना अगदीच पोरकी नाही. बेल्जियमचे गणिती केटले यांनी १८३५ साली आपल्या ग्रंथाच्या शीर्षकातच 'सामाजिक पदार्थविज्ञान' हा शब्दप्रयोग केला आणि वर्षानुवर्षे घडणाऱ्या गुन्ह्यांच्या आकड्यांतील सातत्याकडे लक्ष वेधले. अमेरिकेतील घटनापंडित लॉरेन्स ट्राइब यांनी १९८९ साली आइन्स्टाइनच्या वक्र अवकाशाची उपमा राज्यघटनेला लावून पाहिली. ती उपमाच होती, हे त्यांनाही ठाऊक होते.

इंग्रजी भाषेत हा घोटाळा सहज होतो, कारण तेथे न्यूटनचा 'लॉ' आणि न्यायालयाचा 'लॉ' एकच. मराठीने मात्र दोन वेगळे शब्द राखले आहेत. गतीचे असतात ते नियम. कुळांचा, वारसाचा असतो तो कायदा. गुरुत्वाकर्षणाचा कायदा कोणी म्हणत नाही. इंदूरच्या रहिवाशाला हा भेद शब्दकोशात शोधावा लागत नाही. शहराच्या एका टोकाला राजा रामण्णा केंद्रात, 'इंडस-२'च्या सुमारे १७२ मीटर परिघाच्या वलयात, इलेक्ट्रॉन फिरतात. त्यांना समन्स धाडावे लागत नाही आणि नियम मोडण्याची त्यांना मुभाही नाही. उच्च न्यायालयाच्या खंडपीठात सारा कारभार चालतो तो नियम मोडता येतो म्हणूनच. आणि पूर्वेला खजरान्याच्या गणेशमंदिरात, मागील भिंतीवर उलटे स्वस्तिक काढून नवस बोलणारा भाविक या दोन्ही सत्तांच्या पलीकडे आपले गाऱ्हाणे नेतो. त्याच्या गाऱ्हाण्यात कोर्टातील एखादी तारीखही असू शकते.

भाषेने जे असे वेगळे ठेवले, ते आपल्या जुन्या न्यायव्यवहाराने मात्र एका ठिकाणी एकत्र आणले होते. ते ठिकाण म्हणजे दिव्य. 'दिव्यातून जाणे' हा वाक्प्रचार आज परीक्षेच्या निकालालाही लावला जातो. पण एके काळी तो हाताच्या कातडीशी संबंधित होता. याज्ञवल्क्यस्मृतीने तुला, अग्नी, जल, विष आणि कोश अशी पाच दिव्ये सांगितली. अग्निदिव्यात तळहातांवर पिंपळाची सात पाने सुताने बांधून त्यांवर पन्नास पलांचा तापलेला लोखंडी गोळा ठेवीत आणि आरोपीने सात मंडले ओलांडावयाची. जलदिव्यात, सोडलेला बाण धावत जाऊन आणीपर्यंत पाण्याखाली राहावयाचे. तुलादिव्यात माणसाला दोनदा तोलीत. दुसऱ्या वेळी पारडे वर गेले तर तो निर्दोष. मराठेशाहीत रवादिव्य रूढ होते: उकळत्या तेलातुपातून धातूचा तुकडा काढावयाचा, मग हात पिशवीत घालून त्यावर मोहोर करावयाची आणि ठरल्या दिवशी गोतासमक्ष ती उघडावयाची. फोड आला तर पिढ्यान्‌पिढ्यांची पाटिलकी गेली! हरणाऱ्याने यजितखत लिहून द्यावे, जिंकणाऱ्याच्या हाती निवाडपत्र पडावे.

ही रानटी अंधश्रद्धा होती असे म्हणून मोकळे होणे सोपे आहे, पण ते न्याय्य नाही. डॉ. वि. त्र्यं. गुणे यांनी मराठ्यांच्या न्यायपद्धतीवरील १९५३ सालच्या ग्रंथात आणि भारतरत्न पां. वा. काणे यांनी धर्मशास्त्राच्या इतिहासात या विषयाचा जो विस्तार केला आहे, तो वाचला की वेगळेच चित्र उभे राहते. कागदपत्र, साक्षीदार आणि भोगवटा या तिन्ही वाटा खुंटल्यावरच दिव्याकडे वळत. तेथे गाव हरले होते, पंच हरले होते; खोटे न बोलणारा एकच साक्षीदार उरला होता, तो म्हणजे निसर्ग.

हा साक्षीदार खोटे बोलत नाही, हे खरेच. अडचण अशी की विचारलेला प्रश्न त्याला कळत नाही. तापलेल्या लोखंडाला तळहाताची जाडी कळते, पानांतील ओलावा कळतो, चालण्याचा वेग कळतो. सीमेचा दगड कोणी हलविला, हे कळत नाही. नांगर धरून घट्टे पडलेला हात आणि लेखणी धरणारा हात यांना अग्नी एकच नियम लावतो, आणि म्हणूनच निरनिराळा निकाल देतो.

शास्त्रकारांना याची जाणीव नव्हती, असे मुळीच दिसत नाही. स्त्रिया, बालके, वृद्ध, अंध, पंगू आणि रोगी यांना तुलादिव्यच द्यावे, असे याज्ञवल्क्य सांगतो. (त्या यादीत ब्राह्मणही आहे, तेथे करुणेपेक्षा प्रतिष्ठेचा हिशेब अधिक.) वारा वाहत असताना तुला वर्ज्य, थंडीत जलदिव्य वर्ज्य, उन्हाळ्यात अग्निदिव्य वर्ज्य. अग्नी जर खरोखर सत्यच ओळखत असता, तर त्याला ऋतूची काय पर्वा? दुबळ्याला आगीपासून दूर ठेवणारा तो अपवाद हाच त्या प्रकरणातील खरा कायदा होय; बाकी सारे पदार्थविज्ञान.

हा इतिहास पुराणवस्तुसंग्रहालयात ठेवण्याइतका जुना झालेला नाही. २००८ साली पुण्याच्या सत्र न्यायालयाने एका खून खटल्यात, इतर पुराव्यांबरोबर, आरोपीच्या मेंदूतील विद्युत्‌लहरींच्या चाचणीचाही आधार घेतला. डोक्यावर विद्युत्‌अग्रे लावावयाची, गुन्ह्यासंबंधीची वाक्ये ऐकवावयाची आणि उमटणाऱ्या लहरींवरून 'अनुभवाची स्मृती' आहे की नाही ते ठरवावयाचे, अशी ती पद्धत. लोखंडाच्या गोळ्यापेक्षा ती सौम्य खरी; पण लहर उठली एवढेच यंत्राला कळते, ती का उठली हे माणसालाच ठरवावे लागते.

५ मे २०१० रोजी सर्वोच्च न्यायालयाने सेल्वी विरुद्ध कर्नाटक राज्य या खटल्यात नार्को, पॉलिग्राफ आणि मेंदूचाचणी या तिन्ही सक्तीने करण्यास मनाई केली. स्वतःविरुद्ध साक्ष देण्याची सक्ती नको, हे राज्यघटनेच्या विसाव्या अनुच्छेदातील तत्त्व आणि एकविसाव्यातील व्यक्तिस्वातंत्र्य त्या निकालाच्या मुळाशी आहे. स्वेच्छेने चाचणी करावयाची असेल, तर वकिलाचा सल्ला उपलब्ध हवा आणि संमती न्यायदंडाधिकाऱ्यासमोर नोंदविली गेली पाहिजे. मराठेशाहीतही दिव्यापूर्वी दोन्ही पक्षांकडून राजीनामा लिहून घेत. फरक इतकाच की त्या कागदावर सही करणाऱ्याला 'नाही' म्हणण्याची सोय क्वचितच असे. तसे म्हणणे म्हणजे वाद हरणे होते.