बंदराचे शहर आणि आपले परळ
(ज्युबिली महोत्सवप्रसंगी केलेले भाषण)



ज्युबिलीसाठी वसईहून येणाऱ्या पाहुण्यांस काय दाखवावे, असा प्रश्न परवा निघाला. आपल्यापैकी एकाने चटकन उत्तर दिले, "गेटवे दाखवू, लोअर परळात आहे काय?" ते शब्द आमच्या मनास लागले.

गेटवे अवश्य पाहावा. १९११ साली बादशहा पंचम जॉर्ज अपोलो बंदरावर उतरले, त्याची स्मृती म्हणून बांधलेली ती कमान १९२४ साली पुरी झाली. आणि २८ फेब्रुवारी १९४८ रोजी अखेरची इंग्रज पलटण तिच्याखालूनच निघून गेली. परंतु दरवाजा पाहिला म्हणजे घर पाहिले, असे होत नाही.

मुंबई सात बेटांची होती तेव्हा परळ हे त्यांपैकी एक. पोर्तुगीज अमदानीत येथे जेज्वीट पाद्र्यांचा मठ व ख्रिस्तमंदिर होते. अठराव्या शतकाच्या प्रारंभी इंग्रजांनी ती वास्तू जप्त केली. पुढे ती गव्हर्नरांचा वाडा झाली, आणि जेथे मिस्सा होत असे तेथे मेजवान्या झडू लागल्या. सेमिनरीत असताना हे वाचून आमचे रक्त तापत असे; खोटे कशाला सांगावे?

पण बंदरातून केवळ कापूस व रेशीम ये-जा करीत नाही. १८९६ साली गोदीशेजारच्या मांडवीत प्लेग प्रकटला. तो प्रथम ओळखला डॉ. अकासियो व्हिएगस ह्या गोमंतकीय वैद्यांनी. ओडेसा बंदरात जन्मलेले यहुदी शास्त्रज्ञ वाल्डेमार हाफकिन ह्यांनी भायखळ्यास लस सिद्ध केली व १० जानेवारी १८९७ रोजी ती प्रथम स्वतःस टोचून घेतली. १८९९ साली त्यांची प्रयोगशाळा परळच्या त्याच वाड्यात आली. १९२५ पासून ती हाफकिन ह्यांच्या नावाने चालते. तेथून लसीच्या लक्षावधी मात्रा बाहेर गेल्या. आज कोणी ते मंदिर परत देऊ म्हटले, तरी आम्ही हात पुढे करणार नाही.

फिनिक्स गिरणीच्या जागेवरील दुकाने पाहुणे आपण होऊनच शोधून काढतील. त्याविषयी बोलावयास नको. आपण त्यांस मिस्सानंतर रुळांपलीकडे हाफकिनच्या फाटकापर्यंत न्यावे. जवळच बारादेवीच्या मंदिरात १९३१ साली रस्ता करताना सापडलेली प्राचीन शिवशिला आहे. तीही आदराने दाखवावी. प्लेगच्या दिवसांत आपल्या लोकांनी उभारलेले क्रूस मुंबईत अद्याप आहेत. त्यांपैकी एखाद्यापाशी थांबून, त्या साथीत गेलेल्यांसाठी एक प्रार्थना म्हणावी. गेटवे सायंकाळी पाहता येईल. तेथे वाराही तेव्हाच बरा असतो.