बॅलार्ड पिअरचं नवं दार

विमानप्रवास रुळला नव्हता तेव्हा विलायतेहून मुंबईला येणारा प्रवासी बॅलार्ड पिअरवर उतरायचा. धक्क्यालाच लागून मोल स्थानक होतं. टपालबोटीतून उतरायचं आणि समोरच्या गाडीत बसून थेट पेशावरकडे निघायचं, इतकी चोख सोय होती.

याच जागी मुंबई आंतरराष्ट्रीय क्रूझ टर्मिनल उभं राहिलं आहे. 20 सप्टेंबर 2025 रोजी त्याचं उद्घाटन झालं. वर्षाला 10 लाख प्रवासी आणि एका वेळी 5 जहाजं, अशी त्याची क्षमता सांगितली जाते. आकडा मोठा आहे. तो गाठला जाईल का, हे जहाजांच्या फेऱ्या ठरवतील. आणि पावसाळ्यात खवळलेल्या अरबी समुद्रावर सहलीची जहाजं फारशी फिरकतच नाहीत.

खरी कसोटी असते ती जहाज धक्क्याला लागल्यावर. एकीकडे हजार-दोन हजार माणसं उतरतात, आणि संध्याकाळी निघायचं म्हणून तेवढीच चढायची असतात. मधल्या काही तासांत खोल्या झाडूनपुसून तयार, भाजीपाला वर, कचरा खाली. प्रवाशाची बॅग चिठ्ठी लावून वेगळी जाते, ती त्याला खोलीच्या दाराशीच भेटते. तो मात्र सुरक्षा तपासणीच्या रांगेत; परदेशी जायचं तर पासपोर्टचा शिक्काही हवा. म्हणूनच इथे चेक-इन आणि इमिग्रेशनसाठी तब्बल 72 खिडक्या आहेत.

भाऊच्या धक्क्यावरून बोटीनं कोकणात, गोव्याला गेलेल्यांना हा थाट जरा परका वाटेल. तिकडे ट्रंक आपणच उचलायची!