तिखट, खोबरं आणि विमान
(संस्थेच्या कोजागिरी मेळाव्यातील भाषण)

मंडळी, फुलचूरची पोरं आता पार अमेरिकेपर्यंत गेली. बॅग भरताना आई आधी तिखटच भरते. पण ते हातातल्या बॅगेत नको, मोठ्या सामानात द्या. मिरचीपूड डोळ्यांत फेकता येते, म्हणून तपासणीत काढून घेतात. माझ्या बहिणीचं तसंच गेलं. आईनं कुटलेलं ते शेवटचं तिखट होतं.

लोणचंही मोठ्या बॅगेतच, झाकण घट्ट लावून. सुक्या खोबऱ्याच्या वाट्या मात्र दोन्हीकडे बंद! त्यात तेल फार, आपोआप तापून पेट घेऊ शकतं. ऑस्ट्रेलियाला जाणाऱ्यांनी उतरताना कार्डावर मसाले लिहून द्यावेत. लपवलं तर दंड. खोबरं काय, तिकडंही मिळतं.