जुन्या चित्रफितीची साक्ष



७ ऑगस्ट १९४१ रोजी कोलकात्यात रवींद्रनाथ ठाकूर निवर्तले. त्यांच्या अंत्ययात्रेला लोटलेला जनसागर चित्रफितीवर टिपला गेला. पुढे १९६१ मध्ये, जन्मशताब्दीनिमित्त, सत्यजित राय यांनी माहितीपट केला आणि त्याचा प्रारंभ त्याच दृश्यांनी केला. ती फीत कोणीतरी जपली होती, म्हणूनच हे शक्य झाले.

याच शहरातील हिरालाल सेन यांचे नशीब मात्र वेगळे. १८९८ साली त्यांनी रॉयल बायोस्कोप कंपनी काढली. १९०५ ची वंगभंगविरोधी सभा चित्रित केली. १९१७ च्या आगीत त्यांची सारी चित्रसंपदा भस्मसात झाली. त्याच वर्षी त्यांचेही निधन झाले.

माहितीपटासाठी जुनी दृश्ये शोधणाऱ्या अभ्यासकाचे काम या दोन घटनांच्या मध्ये उभे असते. डब्यावरील चिठ्ठीवर तो विसंबत नाही. दुकानांच्या पाट्या, वाहने, पोशाख, भिंतीवरील जाहिराती पाहून तो स्थळकाळ ठरवतो. मूकपटांच्या काळातील फीत आजच्या वेगाने चालवली, तर माणसे उगाच धावताना दिसतात. तो वेग तो सुधारून घेतो. हक्क कोणाकडे आहेत, हेही तपासतो.

त्याची खरी कसोटी मात्र दृश्य न सापडल्यावर लागते. १९०५ च्या सभेचे चित्रण नाही, म्हणून दुसऱ्याच वर्षाची गर्दी तिथे जोडली, तर प्रेक्षकाला कळणारही नाही. परंतु एकदा पडद्यावर आलेले असत्य पुढच्या पिढीला पुरावा वाटू लागते. अशा वेळी ‘हे दृश्य उपलब्ध नाही’ असे सांगण्याचे धैर्य हीच या व्यवसायाची नीती होय.

पुण्यात १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय उभे राहिले. पी. के. नायर यांनी तेथे आयुष्य वेचले. दादासाहेब फाळके यांचा ‘कालिया मर्दन’ हा १९१९ चा मूकपट आज पाहता येतो, तो त्यांच्या चिकाटीमुळे.

हीरकमहोत्सवी शाळेच्या कपाटांतही अशी साक्ष पडून असते: स्नेहसंमेलनाची छायाचित्रे, घराघरांतील जुन्या ध्वनिचित्रफिती. ओळखणारी माणसे आहेत, तोवरच त्यांच्यामागे नाव, वर्ष आणि प्रसंग लिहिला जावा. शताब्दीच्या वेळी त्या ओळीच बोलतील.