अंगणातलं टार्गेट



५ ऑगस्ट २०२३ रोजी बर्लिनच्या जागतिक अजिंक्यपद स्पर्धेत साताऱ्याची सतरा वर्षांची अदिती स्वामी कंपाउंड, म्हणजे टोकांना चाकं असलेल्या धनुष्याच्या प्रकारात जगज्जेती झाली. त्याच दिवशी नागपूरच्या ओजस देवतळेनं पुरुषांचं सुवर्णपदक मिळवलं. दोघंही साताऱ्यात प्रवीण सावंत यांच्याकडे शिकलेले. अंतिम सामन्यात ओजसनं १५ बाण मारले आणि १५० पैकी १५० गुण घेतले. या प्रकारात तिरंदाज ५० मीटरवर उभा असतो आणि दहा गुणांच्या वर्तुळाचा व्यास असतो ८ सेंटिमीटर. पंधराच्या पंधरा बाण तिथेच.

त्यानंतर आपल्या निफाड तालुक्यातही मुलं धनुष्य मागू लागली. घरासमोर अंगण आहे, मागे मळा आहे, पोराचा हट्ट आहे, म्हणून पालक धनुष्य आणतात. धनुष्य किती पौंडाचं, म्हणजे ओढायला किती जोर लागतो, ते कोणत्या कंपनीचं, याची चौकशी सगळे करतात. बाण लागणार कशावर, हा प्रश्न मात्र शेवटी येतो. मग कुठे भिंतीला पोतं टेकवलेलं दिसतं, कुठे गादीचा जुना फोम दोरीनं बांधलेला, कुठे थर्माकोलची पेटी. मुलांना खेळ शिकवणारा माणूस म्हणून आज मला या दुर्लक्षित वस्तूबद्दलच बोलायचं आहे. आपण तिला टार्गेटच म्हणू. मैदानावर मुलंही तोच शब्द वापरतात, आणि प्रशिक्षक ‘बट’ म्हणतात.

आधी बाण थांबतो कसा ते पाहू. टोकासमोर कठीण वस्तू आली की बाण उसळून मागे येतो, किंवा त्याची काडी चिरते. कार्बनच्या काडीची बारीक चीर सहसा डोळ्याला दिसत नाही. तोच बाण पुन्हा दोरीवर चढवला तर सुटताना फुटून हातात घुसू शकतो. म्हणून टार्गेटनं बाणाला समोरून अडवायचं नसतं. त्यानं काडीला दोन्ही बाजूंनी आवळून तिचा वेग शोषून घ्यायचा असतो. गादीचा फोम हे काम करत नाही. तो मऊ असतो, बाण सरळ आरपार जातो. थर्माकोलही नको. त्याचे दाणे सुटतात, वेगवान बाणाच्या उष्णतेनं काडीला चिकटतात, आणि दोन-चार दिवसांत मधोमध भोक पडतं. टायर, फळी, विटांची भिंत यांचं तर नावही काढू नका.

टार्गेटसाठी लागतो तो पॉलिइथिलीनचा फोम. त्यातल्या पोकळ्या बंद असतात, त्यामुळे तो पाणी पीत नाही. दुकानात शंका आली तर त्याचा एक तुकडा मागून घ्या, पाण्यात दाबून धरा आणि बाहेर काढून पिळा. पाणी गळलं तर तो आपल्या कामाचा नाही. मग अंगठ्यानं जोरात दाबा. खड्डा लगेच भरून आला पाहिजे.

हा फोम दोन प्रकारे मिळतो. एक अखंड ठोकळा. त्यावर प्रत्येक बाण नवं भोक पाडतो. दुसरा थरांचा. पातळ पट्ट्या एकावर एक रचून वरून-खालून घट्ट आवळलेल्या असतात, आणि आपल्यासमोर पट्ट्यांच्या कडा येतात. जाडजूड वही मिटून दाबून धरावी आणि पानांच्या कडेकडून सुई खुपसावी, तसा बाण दोन थरांमध्ये शिरतो. बाण काढला की थर पुन्हा मिटतात. माझं मत स्पष्ट आहे. घरी रोज सराव करायचा असेल तर थरांचंच टार्गेट घ्या. सुरुवातीला चार पैसे जास्त जातात, पण ते टिकतं. थर सैल पडले की आवळण्यासाठी बाजूला सळया आणि नट, किंवा पट्टा असतो. तो आहे ना, हे घेतानाच बघा. ज्याला पुन्हा आवळता येत नाही ते लवकर निकामी होतं.

आता ओजसच्या पंधरा बाणांकडे पुन्हा वळतो. नवशिक्याचे बाण सगळीकडे विखुरतात, त्यामुळे टार्गेट सारखं झिजतं. मुलाचा नेम सुधारला की सगळे बाण मधल्या वीतभर जागेत बसू लागतात आणि तीच जागा आधी पोकळ होते. कडेचा फोम कोरा असतो आणि मधून बाण मागे निघतो. म्हणून मधला भाग काढून बदलता येईल असं टार्गेट शोधा. ते मिळालं नाही तर टार्गेट दर आठवड्याला फिरवा, वरची बाजू खाली करा, आणि मोठ्या टार्गेटवर छोटे कागद चार कोपऱ्यांत लावा. बंदिस्त जागेतल्या १८ मीटरच्या स्पर्धेत ४० सेंटिमीटरचा कागद असतो. अंगणात तोच पुरतो. ७० मीटरवरचा १२२ सेंटिमीटरचा मोठा कागद अंगणात लावण्यात अर्थ नाही.

जाडी धनुष्यावर ठरते. लहान मुलाच्या वीस-पंचवीस पौंडांच्या धनुष्याला वीतभर जाडीचा चांगला फोम चालतो. कंपाउंडचा बाण सेकंदाला ८० ते ९० मीटर वेगानं येतो. वजन तेच राहून वेग दुप्पट झाला की बाणातली ऊर्जा चौपट होते. अशा धनुष्याला हातभर नसली तरी फूटभर जाडी हवी. शिवाय बारीक काडीचा बाण जास्त खोल जातो, जाड काडीचा कमी. दुकानदाराला पौंड आणि काडीची जाडी दोन्ही सांगा.

एक गोष्ट फार थोडे लोक तपासतात, ती म्हणजे बाण निघतो किती सहज. फोम फार कडक असला की बाण अडकून बसतो. दहा-बारा वर्षांच्या मुलीला प्रत्येक बाणासाठी वडिलांना हाक मारावी लागली, तर तिचा सराव पंधरा दिवसांत बंद पडतो. मुलाला सोबत न्या, दोन बाण मारू द्या, आणि त्यालाच काढायला लावा. एका हाताचा तळवा टार्गेटवर, दुसऱ्या हातानं काडी टार्गेटलगत धरायची आणि सरळ रेषेत ओढायची. मागे कोणी उभं नाही ना, हे आधी पाहायचं. झटक्यानं निघालेल्या बाणाचं शेपूट डोळ्यात जाऊ शकतं. काडीला साधा साबण चोळला तर ओढणं हलकं होतं.

ज्यांना विकतचं परवडत नाही त्यांच्यासाठी आपल्या तालुक्यात सोय आहे. लासलगाव, पिंपळगावला कांद्याचं जुनं बारदान मिळतं. दोन बारदानं एकात एक घालून जुन्या साड्या आणि चिंध्या ठासून भरा. बटण, हुक, चेन एकही राहू देऊ नका. कमी पौंडाच्या धनुष्याला हे चांगलं चालतं. भरण खाली बसतं, म्हणून महिन्या-दोन महिन्यांनी पुन्हा उपसून भरावं लागतं. कंपाउंडसाठी मात्र बारदानावर भिस्त ठेवू नका. नाशिकला सातपूर-अंबडच्या कारखान्यांतून यंत्रांच्या पॅकिंगचा पांढरा फोम भंगारात येतो. त्याच्या पट्ट्या कापून, दोन फळ्यांमध्ये रचून, कडेच्या सळयांनी आवळल्या की घरगुती थरांचं टार्गेट तयार होतं. सळया नेमाच्या जागेपासून लांब ठेवा. उसाच्या पाचटाच्या गठ्ठ्यांनीही काम भागतं, पण पावसात बुरशी, पुढे उंदीर, आणि आगीची धास्ती. मी तो सल्ला देणार नाही.

निफाडची थंडी सगळ्या महाराष्ट्राला ठाऊक आहे. डिसेंबरच्या सकाळी फोम आखडतो, बाण कमी शिरतो आणि निघायलाही त्रास देतो. मे महिन्यात तोच फोम मऊ पडतो. त्याहून वाईट म्हणजे ऊन. उन्हानं फोमचा पृष्ठभाग ठिसूळ होऊन भुगा पडू लागतो. सराव संपला की टार्गेटवर जाड कापड टाका किंवा ते पडवीत घ्या. खाली विटा नाहीतर लाकडी चौकट ठेवा, म्हणजे चिखल आणि वाळवी लागणार नाही. पात्यासारख्या टोकाचे बाण, तीरकमठ्याचे असोत की शिकारी बनावटीचे, या टार्गेटवर मारू नका. ते थर कापतात.

आता सगळ्यात महत्त्वाचं. टार्गेट कितीही चांगलं असलं तरी एखादा बाण चुकणारच. लहान धनुष्याचाही बाण शंभर मीटरच्या पुढे सहज जातो, आणि आपल्याकडे अंगणामागे द्राक्षबाग असते. विरळणीला, छाटणीला वेलींच्या मांडवाखाली वाकून बाया काम करत असतात, त्या बाहेरून दिसतही नाहीत. बागेवरची शेडनेट किंवा पक्ष्यांची जाळी बाणाला अडवत नाही, हे नीट लक्षात घ्या. टार्गेटमागे मातीचा भराव घाला, माणसापेक्षा उंच आणि दोन्ही बाजूंना पसरट. शेतकऱ्याला त्यासाठी ट्रॅक्टरच्या चार खेपा पुरतात. गावठाणात जागा नसेल तर बाणांसाठी विकत मिळणारी जाड जाळी सैल सोडून टांगा, आणि तिच्या मागेही कोणी फिरणार नाही अशीच बाजू निवडा. नेम उत्तरेकडे राहील असं पाहा, म्हणजे सकाळ-संध्याकाळ ऊन डोळ्यांवर येत नाही. टार्गेट किंचित मागे कललेलं असावं. स्पर्धेत १० ते १५ अंश कललेलं असतं आणि कागदाचा मध्य जमिनीपासून १३० सेंटिमीटरवर असतो. लहान मुलांसाठी तो खाली घ्या.

बाण उसात गेला तर गेला म्हणा. गोदाकाठच्या आणि कादवेकाठच्या उसात बिबट्याचा वावर आहे, हे इथल्या माणसाला सांगायला नको. संध्याकाळी बाण शोधायला मुलांना उसात पाठवायचं नाही. सकाळी मोठ्या माणसानं जावं.

पालकांना माझी एक विनंती आहे. एकट्या घराला चांगलं टार्गेट जड जात असेल तर वस्तीवरच्या तीन-चार घरांनी मिळून एकच घ्या, ज्यांच्या मळ्यात भराव घालता येईल त्यांच्याकडे ठेवा, आणि मुलं नेम धरत असतील तोवर घरातलं एक मोठं माणूस त्यांच्याजवळ उभं राहू द्या. धनुष्याचे पैसे त्यानंतर मोजा.