न बोललेलं ऐकताना



अलिबाग-रेवदंड्यापासून श्रीवर्धनपर्यंतचे आपण नाटकवेडे लोक. नाटक सुटलं की त्यातले संवाद म्हणतच घरी येतो. सिनेमातही लेखकाची पारख आपण संवादांवरूनच करतो. पटकथेची पारख मात्र वेगळी. ती शिकावी विजय तेंडुलकरांकडून.

तेंडुलकरांचा जन्म 1928चा. पन्नासच्या दशकात ते नाटककार म्हणून पुढे आले, सत्तरच्या दशकात सिनेमाकडे वळले. 1976च्या ‘मंथन’साठी त्यांना पटकथेचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्या चित्रपटाचे संवाद मात्र कैफी आझमींचे आहेत. मग तेंडुलकरांनी काय लिहिलं? कोणती गोष्ट कुणाला कधी कळणार, कोण बोलणार, कोण गप्प राहणार, हे त्यांनी ठरवलं.

तेंडुलकरांचीच पटकथा असलेला 1979चा ‘सिंहासन’ आठवा. आपल्या मुरूडचे नाना पाटेकर त्यात आहेत. अरुण साधूंच्या दोन कादंबऱ्यांतला पसारा, मंत्री, कामगारपुढारी, तस्कर, असा सगळा गोतावळा. दिगू टिपणीस हा पत्रकार त्या सगळ्यांत वावरतो आणि आपण त्याच्या डोळ्यांनी मुंबईचं राजकारण बघतो. एवढ्या गर्दीतही कथा हरवत नाही. ही बांधणी पटकथाकाराची.

आणि त्यांचाच 1980चा ‘आक्रोश’. लहान्या भिकू हा आदिवासी. बायकोच्या खुनाचा आरोप त्याच्यावर. त्याला वाचवायला आलेला वकील विचारून विचारून थकतो, पण लहान्या उत्तर देत नाही. लहान्या झालेल्या ओम पुरींचे डोळे तेवढे बोलतात. ज्याचं कुणी कधी ऐकलंच नाही, तो कोर्टात काय बोलणार? आपल्या डोंगराकडेच्या कातकरी वाड्या ज्यांनी पाहिल्यात, त्यांना हे मौन परकं वाटणार नाही. शेवटी त्याच्या तोंडून किंकाळी फुटते. ती काळजाला भिडते, कारण लेखकाने तोवर त्याच्या तोंडी फारसे शब्द घातलेले नाहीत. संवादांवर हुकमत असलेल्या नाटककाराने असा संयम पाळावा, ही मला फार मोठी गोष्ट वाटते.

श्रोतेहो, एक करून बघा. घरी चांगला चित्रपट लावा आणि दहा मिनिटं आवाज बंद ठेवा. कोण कुणाला घाबरतो, कोण काय लपवतो, हे तरीही उमगलं, तर पटकथा पक्की आहे असं समजा. मग श्रेयनामावलीत ती कुणी लिहिली ते आवर्जून वाचा. नटाइतकीच दाद त्या नावालाही द्या.