आधी कडा, मग रंग
(श्रमदानाला येणाऱ्या मंडळींसमोर केलेले भाषण)



मे महिन्यात आपल्यापैकी बरेच जण जव्हारकडच्या वसतिगृहात श्रमदानाला येणार आहेत. मुलींच्या कपाटांसाठीचे प्लायवूड तुमच्याच देणग्यांतून आले आहे, म्हणून आज थोडे सुतारकामाचे बोलतो.

जुन्या कपाटांची गत तुम्ही पाहिलीच आहे. खालच्या फळ्या फुगल्या, थर सुटले, वह्यांना बुरशी लागली. वरचा रंग मात्र शाबूत होता! पाणी शिरले ते कापलेल्या कडांतून. प्लाय म्हणजे लाकडाचे पातळ थर, एकाचे रेषे उभे तर पुढच्याचे आडवे, असे चिकटवलेले. कड कापली की रेषांची तोंडे उघडी पडतात आणि दिव्याच्या वातीसारखी पाणी ओढतात.

दुकानदार 'वॉटरप्रूफ' हा शब्द फार सढळ हाताने वापरतात. फळीवरचा शिक्का वाचा. एमआर म्हणजे फक्त दमटपणा सोसणारे, बीडब्ल्यूआर त्याहून बरे, आयएस 710 म्हणजे मरीन. पण मरीनमध्येही पाण्याला दाद देत नाही तो गोंद. लाकूड पाणी पितेच.

म्हणून आधी सगळे कापणे आणि भोके पाडणे उरका. पॉलिश पेपर मारून धूळ पुसा. मग कडांना ऑइल प्रायमरचा पातळ हात द्या. तो शोषला जाईल. वाळू द्या, पुन्हा द्या, कड पिणे थांबवीपर्यंत. स्क्रूची भोकेही सोडू नका. भिंतीकडची बाजू दिसत नाही म्हणून कोरी ठेवली, तर ती एकटीच ओल घेते आणि फळी वाकते. नोहाच्या तारवालाही डांबर आतून आणि बाहेरून होते, हे आपल्या मंडळींना सांगायला नको. त्यावर इनॅमलचे दोन हात, मध्ये डब्यावर लिहिलेला वेळ जाऊ द्या.

हे सारे मृगाआधी व्हायला हवे. ओल्या फळीवर रंग दिला तर ओल आत कोंडते आणि रंगाला फोड येतात. कपाटे जमिनीवर टेकवू नका, खाली विटा द्या.

कोणी अळशीचे तेल वापरणार असेल, तर त्याच्या चिंध्या गोळा करून कोपऱ्यात टाकू नका. त्या आपोआप पेटू शकतात. बाहेर मोकळ्यावर एकेक पसरून वाळवा. वसतिगृहात लेकरे झोपतात.

येताना जुने कपडे आणि दीड इंची ब्रश आणा. टर्पेंटाइन तिथे आहे.